नवापूरचं शून्य

तेरा पूर्णांक बारा.

बोंबील उन्हाने वाळतो असं ज्यांना वाटतं, त्यांनी तो कधी वाळत घातलेला नसतो. बोंबील वाऱ्याने वाळतो.

महादू मे महिन्यातही घरातला पंखा दोनच्या पुढे जाऊ देत नाही.

रिक्षा किलोमीटरमध्ये धावते, होडी नॉटमध्ये. एक नॉट म्हणजे ताशी पावणेदोन किलोमीटरहून थोडं जास्त.

थंडी हवी असेल तर समुद्राकडे पाठ करून उमरोळीच्या दिशेने जावं. जानेवारीत तिथे स्टेशनाबाहेर शेकोटी पेटते. नवापूरला समुद्र रात्रभर उबदार राहतो आणि गावालाही उबदार ठेवतो.

होडीच्या बर्फाच्या खणाचं झाकण आतून उघडत नाही.

विनिपेग, कॅनडा: उणे एकवीस. जाणवतं: उणे तेहतीस.

*

"दोन आकडे कशाला?" महादूने विचारलं. "खरी थंडी कोंची?"

"दोन्ही खऱ्या," रिद्धी म्हणाली. तिने मोबाइल त्याच्या नाकासमोर धरला होता. "पहिली हवेची. दुसरी आपल्याला लागते ती. वारा असला की जास्त लागते."

"वारा असला की जास्त लागते, हे कळायला कॅनडाला जायला लागतं?"

महादू ओट्यावर बसून जाळं सांधत होता. डोक्यावर कानटोपी, कानटोपीवरून मफलर. हवा बावीस अंश होती. नवापुरात त्याची स्वतःची होडी आहे आणि उभं आयुष्य त्याने समुद्रावर काढलं आहे. त्याला वादळाची भीती वाटत नाही. थंडीची वाटते.

रिद्धी ही त्याची एकुलती एक मुलगी. बोईसरच्या एका कारखान्यात, प्रयोगशाळेत नमुने तपासण्याचं काम करते. विनिपेगच्या विद्यापीठात पुढच्या शिक्षणासाठी तिला प्रवेश मिळाला होता आणि येते की नाही हे महिनाअखेरीपर्यंत कळवायचं होतं. तिची आई, हिरा, केव्हाच हो म्हणून मोकळी झाली होती. राहिला महादू. तो नाही म्हणत नव्हता. हो पण म्हणत नव्हता. त्याने हो म्हटल्याशिवाय रिद्धी जाणार नव्हती. हे त्याला पक्कं ठाऊक होतं, म्हणूनच तो ते जाळं इतकं मन लावून सांधत होता.

"मी कोण अडवणारा," तो जाळ्याला म्हणाला. "पण तुला थंडीची सवय नाय. इथं शून्य सोसून दाखव. मग खुशाल जा."

"शून्य? नवापूरला?"

"हवेचं नको. तुझं ते लागणारं चालेल."

अंगणापलीकडे हिरा बांबूंच्या काठ्यांवर बोंबील अडकवत होती. दोन-दोन बोंबील, एकाच्या जबड्यात दुसऱ्याचा जबडा. तिने मान न वळवता विचारलं, "आणि तुमी सोसलंय का कधी शून्य?"

"मी कुठं चाललोय?"

*

१३.१२
अधिक ०.६२१५ गुणिले हवा
वजा ११.३७ गुणिले वारा (पण वारा सरळ नाही, वाऱ्याचा ०.१६ वा घात)
अधिक ०.३९६५ गुणिले हवा गुणिले पुन्हा तोच घात

हे रिद्धीने भिंतीवरच्या कॅलेंडरच्या मागच्या बाजूला लिहून ते उलटं टांगलं. त्यामुळे त्या महिन्यात घरात कोणालाच तारीख कळत नव्हती.

"हे पहिले तेरा कुणाचे?" महादूने विचारलं.

"कुणाचेच नाहीत. असेच असतात."

"हवा नाय, वारा नाय, तरी तेरा?"

"हो."

"तुमच्या बहिणीसारखं," हिरा म्हणाली. "आपण बोलवायच्या आधी येऊन बसलेले."

महादूने ते ऐकलं नाही असं दाखवलं. "हे काढलं कुणी?"

"तिकडेच काढलं. कॅनडात. माणसांना थंडगार वाऱ्याच्या बोगद्यात चालायला लावलं आणि त्यांचे गाल किती गार होतात ते मोजलं. म्हणून हे सूत्र उघड्या गालांचं आहे."

"त्यांच्या गालांचं. आमच्या गालांचं त्याला काय म्हाईत?"

रिद्धीने त्याला सगळं खरं सांगितलं. वारा अगदी मंद असेल, ताशी पाच किलोमीटरच्या खाली, तर हे सूत्र लागू होत नाही. आणि हवा दहा अंशांच्या वर असेल तरीही लागू होत नाही. हे दुसरं तिने सांगायला नको होतं. महादूच्या चेहऱ्यावर पापलेटाने भरलेलं जाळं वर आल्यासारखं समाधान पसरलं. नवापूरला दहा अंश हवा कोणीच पाहिलेली नव्हती.

"कायदा म्हणजे कायदा," तो म्हणाला.

*

हवा १४. वारा ६०. जाणवतं १०.६.

मनीष महादूच्या होडीवर इंजिन सांभाळतो. त्याच्याकडे मोटारसायकल आहे. भल्या पहाटे रिद्धी त्याच्या मागे बसली आणि दोघं उमरोळीच्या रस्त्याला लागली. उजव्या हातात तिने वारा मोजायचं यंत्र उंच धरलं होतं. ऑनलाइन मागवलेलं, मुठीत मावेल एवढं, वर एक छोटं भिंगरीसारखं चक्र आणि खाली पडद्यावर आकडा. एका कोपऱ्यात हवेचा आकडाही दिसे.

महादू परीक्षक म्हणून मागून रिक्षाने आला. रिक्षाचे दोन्ही बाजूंचे पडदे पाडलेले.

उमरोळीला स्टेशनाबाहेर शेकोटी होती. रिद्धीचे डोळे वाऱ्याने लाल झाले होते, नाक वाहत होतं, आणि ओठ बोलायला वळत नव्हते. तिने मोबाइलवर हिशेब केला.

"दहा पूर्णांक सहा."

"हवा किती होती?"

"चौदा."

"मग कुठं दहाच्या खाली? सूत्र चालतच नाय. तूच बोललीस." महादू शेकोटीच्या इतका जवळ बसला होता की त्याच्या मफलरला जळका वास येत होता. "चौदा नापास. पण मेहनत केलीस हां. चा घे."

मनीष म्हणाला, "काका, तुमी तरी पडदा उघडून बघायचा होता."

"मी कशाला? मी कुठं चाललोय?"

*

हवा ३१. वारा २०. जाणवतं ३३.९.

हे रिद्धीने मोजलं नव्हतं. हे हिराने मोजायला लावलं.

भर दुपारी ती बोंबलांच्या काठ्यांखाली उभी होती आणि उत्तरेचा वारा छान सुटला होता. "माझं किती ते सांग की," ती म्हणाली. "दिवसभर मी वाऱ्यात असते. मला पण कळू दे मला किती थंडी वाजते."

रिद्धीने आकडे घातले, मग पुन्हा एकदा घातले.

"काय झालं?"

"चौतीसच्या आसपास येतंय. हवेपेक्षा जास्त."

"म्हणजे वाऱ्याने मला गरम होतं?"

"दहाच्या वर ते असं वेडंवाकडं बोलतं, आये. म्हणून चालत नाही."

हिराने पदराने मानेवरचा घाम पुसला. वारा तिच्या पदरात भरला. "तुझ्या सूत्राला म्हणावं, एक दिवस नवापूरला ये," ती म्हणाली. "काठीवर टांगून ठेवते. संध्याकाळपर्यंत शहाणं होईल."

*

बंदरावर, त्या आठवड्यात:

"रिद्धी, आलं का गं शून्य?" शेजारच्या तानीने विचारलं.

"नाय अजून."

"आलं की सांग. मी पण बघायला येईन. कुठली साडी नेसू?"

दुसऱ्या दिवशी तानीच:

"काल मी डोकं धुऊन पंख्याखाली बसलेली. मला वाटतं, तुझं शून्य आमच्याकडे येऊन गेलं."

तिसऱ्या दिवशी महादूला:

"काय रे महादू, पोरीला थंडीत घालतोस आणि स्वतः गोधडी घेऊन फिरतोस?"

"ही गोधडी नाय. ही शाल हाय."

*

हवा १८. वारा २०, मग २. जाणवतं १७.५, मग काहीच नाही.

होडीवर जायची कल्पना रिद्धीची. सूत्र चालो न चालो, निदान बाबांच्या डोळ्यांसमोर थंडी सोसल्यासारखं होईल, असं तिला वाटलं. होडी उत्तरेला तोंड करून निघाली. समोरून वारा, आणि त्यात होडीचा स्वतःचा वेग. रिद्धी पुढच्या टोकाला जाऊन उभी राहिली. पाण्याचे शिंतोडे गालांवर टोचत होते. यंत्र तिने महादूकडे दिलं, कारण परीक्षक तो होता.

महादूने ते केबिनच्या खिडकीतून बाहेर धरलं आणि त्याच्या भुवया वर गेल्या. पडद्यावर सदतीस आलं होतं.

"सदतीस?" तो मनीषला म्हणाला. "येडं झालंय काय हे यंत्र? सदतीस वाऱ्यात बंदरातून होडी बाहेर काढत नाय कोण."

यंत्राला बाजूला एक बटण होतं. ते त्याने दाबलं. आकडा बदलला. पुन्हा दाबलं. पुन्हा बदलला. वीस आल्यावर तो थांबला. होडीवरच्या जीपीएसमध्ये होडीचा वेग आठ दिसत होता, आणि वारा बाराच्या आसपास असावा हे त्याला कानाला कळत होतं. आठ आणि बारा वीस.

"हां," तो म्हणाला. "आता शुद्धीवर आलं." आणि त्याने यंत्र खिशात घातलं. त्यानंतर ते त्याच्याच खिशात राहिलं.

"वारा वीस," त्याने ओरडून सांगितलं. पुढच्या टोकावर रिद्धीने मोबाइल प्लास्टिकच्या पिशवीत धरून हिशेब केला. साडेसतरा. नापास तर होतंच. पण ती मागे आली नाही. तशीच उभी राहिली, दोन्ही हात दोरीला, केस मागे उडालेले.

महादू तिच्या पाठीकडे पाहत होता. मग त्याने सुकाणू हळूच फिरवलं.

होडी मोठा वळसा घेऊन दक्षिणेला वळली, आणि वारा गेला. म्हणजे होता तिथेच होता, पण आता तो पाठीमागून होडीबरोबरच चालला होता. रिद्धीचे केस खांद्यावर येऊन पडले. मनीष बिडी ओढत होता, तिचा धूर सरळ वर गेला. वारा पाठीशी आल्यावर होडीचा वेग दहावर गेला होता आणि तिच्यावर घरातल्यासारखं शांत होतं.

रिद्धीने मागे वळून पाहिलं.

"कुणाचं तरी जाळं होतं पुढं," महादू म्हणाला. "वळायला लागलं."

समुद्र सगळीकडे मोकळा होता.

*

हवा —. वारा —. जाणवतं —.

"वळवली ना त्याने?" हिराने विचारलं. चुलीवर माशाचं आंबट होतं आणि ती भाकरी थापत होती. गॅस आहे, पण भाकरीला हिराला चूल लागते.

"मनीष बोलला?"

"मनीष कशाला बोलेल? तुझा बापूस आल्यापासून मला विचारतोय, पाणी भरू का. लग्न झाल्यापासून कधी विचारलं नाय."

रिद्धी पाटावर बसली. "बाबा सरळ नाही म्हणाले असते तर मी भांडले असते. नाहीतर राहिले असते. हे शून्याचं काय करू? परवा महिना संपतो."

"नाय बोलायला त्याला तोंड नाय. तुला शाळेत कुणी घातली? त्यानेच. बोईसरला कामाला जायला स्कूटर कुणी आणली? त्यानेच. आता कुठल्या तोंडाने नाय बोलणार?" हिराने भाकरी तव्यावर टाकली. "आणि हो बोलायला लागलं की त्याचा घसा बसतो."

"मग?"

"मग काय. तू उमरोळीला थंडी शोधतेस, दर्यात जाऊन शोधतेस. आपल्याकडे टेम्पो भरून थंडी येते आणि खणात ओततात. तुला दिसत नाय?"

"कसली थंडी?" रिद्धीने विचारलं.

"बर्फ गं बाय," हिरा म्हणाली. "जायच्या आधी एकदा माशांच्या जागी बसून बघ."

*

हवा ४. वारा १०. जाणवतं १.५.

होडीच्या पोटात माशांसाठी खण असतो. जाड भिंती, वर चौकोनी तोंड, त्यावर जड झाकण. समुद्रात जायच्या आधी त्यात फोडलेला बर्फ भरतात. त्या दिवशी बर्फ भरून झाला होता आणि भरती यायला वेळ होता.

रिद्धीने बेत सांगितला तेव्हा महादू लगेच म्हणाला, "खणात नाय."

"का?"

"तिथं मासळी ठेवतात."

"कायदा म्हणजे कायदा, बाबा. हवा दहाच्या खाली. तिथे सूत्र चालतं."

"मी बोललो, खणात नाय."

तो इतक्या कोरड्या आवाजात म्हणाला की मनीषनेही हातातलं काम थांबवलं. मग महादूला स्वतःलाच ते जाणवलं असावं. त्याने कानटोपी खाली ओढली. "बरं," तो म्हणाला. "पण मी पण बसणार आत. आणि झाकण पुरतं लावायचं नाय. हाताएवढी फट ठेवायची. हिरा, तू वर बसायचं. उठायचं नाय."

"मी कुठं चाललेय?" हिरा म्हणाली.

मनीषने केबिनमधला बॅटरीवर चालणारा छोटा पंखा काढला, तारा लांबवल्या आणि खणात दोरीने खाली सोडला. हा पंखा त्यानेच हौसेने बसवला होता. महादू त्याच्यासमोर कधी बसत नसे. आता दोघं बापलेक दोन उलट्या क्रेटवर बसली, दोन्ही बाजूंना बर्फाचे ढीग, समोर तिसऱ्या क्रेटवर पंखा. रिद्धीने स्वेटर घातलं होतं. वरच्या फटीतून उजेडाची एक पट्टी बर्फावर पडली होती.

"टोपी काढा," रिद्धी म्हणाली. "सूत्र उघड्या गालांचं आहे."

"परीक्षा तुझी हाय. परीक्षकाला टोपी चालते."

पंखा सुरू झाला. महादूने यंत्र रिद्धीच्या गालाजवळ धरलं आणि वाचलं, "हवा चार. वारा दहा."

रिद्धीने हिशेब केला. "दीड."

"उणे?"

"अधिक. दीड अंश."

"दीड म्हणजे शून्य नाय," महादू म्हणाला. त्याच्या आवाजात तेवढं समाधान नव्हतं. जाळं वर आलं होतं, पण त्याला त्यात नक्की काय हवं होतं ते त्याला आठवत नसावं.

वरून हिराचा आवाज आला, "काय गं, आलं?"

"दीड राहिला."

"फट कमी करू?"

"नको," महादू म्हणाला. लगेच.

"बाबा, फट कमी केल्याशिवाय हवा खाली येणार नाही."

 मग महादूने मान वर केली. "चार बोटं. जास्त नाय. आणि हिरा, बोलत राहा."

झाकण सरकलं. उजेडाची पट्टी बारीक झाली. हिरा वर बसून बोलत राहिली: तानीने म्हणे आज मुद्दाम ठेवणीतली साडी नेसली आहे, ती खाली धक्क्यावर उभी आहे, आणि विचारते आहे की शून्याला नारळ फोडायचा असतो का.

महादूचे दात वाजायला लागले होते. तो ते मिटून धरायचा प्रयत्न करत होता, त्यामुळे त्याचा सगळा चेहराच थरथरत होता. "हवा तीन," त्याने वाचलं. "वारा दहाच."

"पाव," रिद्धी म्हणाली.

"काय पाव?"

"शून्याच्या वर पाव अंश राहिला."

"पाव." महादूने यंत्र डोळ्यांजवळ नेलं, पण हात हलत असल्यामुळे आकडा दिसेना. "हे घे. तूच धर. मला ह्या अंधारात..." अंधाराचं काही नव्हतं.

रिद्धीने यंत्र घेतलं आणि ते स्वतःच्या गालाजवळ धरलं. बऱ्याच दिवसांनी ते तिच्या हातात आलं होतं. मोबाइलच्या उजेडात तिने पडदा पाहिला. दहा. दहाच्या बाजूला दोन बारीक इंग्रजी अक्षरं. किलोमीटरची तीन अक्षरं असतात. ही दोन होती. नॉटची.

 तिला सदतीस ठाऊक नव्हतं, त्याने दाबलेलं बटण ठाऊक नव्हतं, पण तिला तिचा बाप ठाऊक होता. तिने मनातल्या मनात दहाचे साडेअठरा केले आणि मोबाइलमध्ये घातले.

उणे सव्वा.

मग तिने मघाचे चार अंश घालून पाहिले.

शून्य. अगदी बरोबर शून्य. पंखा सुरू झाला तेव्हाच आलं होतं. तेव्हापासून दोघं बसली होती.

"किती?" महादूने विचारलं.

रिद्धीने मोबाइल मांडीवर पालथा ठेवला. "पावच," ती म्हणाली.

"अजून पाव?"

"अजून पाव."

महादूने मान हलवली. मग त्याने डोक्यावरची कानटोपी काढली. त्याचे विरळ केस पंख्याच्या वाऱ्यात उभे राहिले. त्याने ती टोपी रिद्धीच्या डोक्यावर घातली आणि कानांवरून खाली ओढली.

"बाबा, गाल उघडे..."

"गाल उघडेच हायत. मी बघून घातली."

तो पुन्हा क्रेटवर बसला, हात काखेत घालून, गुडघे पोटाशी घेऊन. पंख्याकडे बघत तो म्हणाला, "तिकडे घरात हीटर असतो ना?"

"असतो. सगळ्या घरांना असतो."

"आणि बंद पडला तर?"

"दुरुस्त करतात, बाबा. लगेच येतात."

"आणि दार? दारं आतून उघडतात ना?"

रिद्धीला वाटलं थंडीने तो काहीही विचारतो आहे. "उघडतात," ती म्हणाली. "आतूनच उघडतात."

"मग ठीक." तो आता चांगलाच थरथरत होता. "आणि कुणी असतं ना वर? म्हणजे, शेजारी. बोलणारं."

"असतील. मी ओळखी करीन."

"कर." थोड्या वेळाने तो बर्फाच्या ढिगाला म्हणाला, "पाव अंशाचं काय एवढं. पावासाठी कोण कुणाला अडवतं."

"म्हणजे?"

"म्हणजे जा."

वर हिराचं बोलणं थांबलं.

"बोलत राहा बोललो ना," महादू वर बघून म्हणाला.

"बोलते की," हिरा म्हणाली, पण काही बोलली नाही.

रिद्धीने मोबाइल सरळ केला आणि त्याच्यापुढे धरला. मग यंत्र धरलं आणि ती दोन बारीक अक्षरं नखाने दाखवली. महादूने आधी एक पाहिलं, मग दुसरं.

"हे नॉट आहेत, बाबा. सूत्राला किलोमीटर लागतात. आपण आलो तेव्हाच शून्य होतं. आता उणे सव्वा आहे."

"नॉटच असणार," महादू म्हणाला. "वारा नॉटमध्येच असतो. किलोमीटरमध्ये रिक्षा मोजतात."

"मग मघापासून..."

"मघापासून मी शून्याच्या खाली बसलोय?"

"हो."

"बिगरटोपीचा?"

"टोपी आत्ता काढलीत."

महादूने ह्याचा विचार केला. खरं म्हणजे त्याला राग यायला हवा होता. पण त्याचे गाल इतके गार पडले होते की त्यांच्यावर राग उमटायला जागाच नव्हती, आणि जे उमटलं ते वेगळंच दिसलं. "तुला कधी कळलं?" त्याने विचारलं.

"टोपीच्या आधी."

"आणि पाव बोललीस."

"तुम्ही होडी वळवलीत."

"जाळं होतं तिथं."

"नव्हतं."

"नव्हतं," महादू म्हणाला.

झाकण सरकलं. भसकन उजेड आत आला आणि उजेडाच्या मधोमध हिराचं डोकं. "उणे सव्वावाले," ती म्हणाली, "वर या. चा गार झाला. आणि तानी नारळ घेऊन आलीय, तिला मी काय सांगू?"

*

हवा २६. वारा मंद. सूत्र बंद.

धक्क्यावर रिद्धीने विद्यापीठाला होकार कळवायचं पान उघडलं, पण तिच्या गार, ओल्या बोटांना मोबाइल दाद देईना. तिने फुंकर मारली, ओढणीला पुसली, पुन्हा दाबलं. काही नाही. महादूने स्वतःचं बोट पुढे केलं. त्याचं बोट तर मोबाइलला बोट वाटलंच नाही.

"सरका," हिरा म्हणाली. तिने मासळीचा हात पदराला पुसला, आणि रिद्धीने दाखवलं तिथे अंगठा टेकवला. एका स्पर्शात गेलं.

तानी खरोखरच ठेवणीतली साडी नेसून आली होती. तिने नारळ महादूच्या हातात दिला. त्याला तो धरता येईना, म्हणून मनीषने फोडला.

"कसं होतं रे शून्य?" तानीने विचारलं.

महादू दोन हातांत चहाचा कप धरून बसला होता. टोपी अजून रिद्धीच्याच डोक्यावर होती, तरी त्याने ती मागितली नव्हती. "एवढं काय नाय," तो म्हणाला. "सवयीचं असतं."

"मग घरातला पंखा तीनवर लावू आजपासून?" हिराने विचारलं.

"मी कुठं चाललोय?" महादू म्हणाला.

*

रिद्धी चार वर्षांची असताना लपाछपी खेळता खेळता महादूच्या आधीच्या होडीच्या खणात उतरली होती. खण रिकामा होता, झाकण कोणीतरी वरून लावून घेतलं होतं, आणि सगळं गाव किनाऱ्यावर तिला शोधत असताना ते झाकण उघडलं होतं महादूने.